हुकूमनामा हातात आला, पुढे काय? दरखास्तीची ओळख

मागच्या व्याख्यानात आपण दावा दाखल करण्यापासून निकालापर्यंतचा प्रवास पाहिला. कार्यक्रम संपल्यावर चार-पाच जणांनी आम्हाला दारातच गाठलं. सगळ्यांचा प्रश्न एकच होता: "निकाल आमच्या बाजूने लागला, पण हातात काहीच आलं नाही. आता काय करायचं?" म्हणून आजचा विषय तोच घेतलाय. अंतिम झालेल्या दिवाणी निकालाची अंमलबजावणी, म्हणजे आपल्याकडच्या कोर्टाच्या भाषेत दरखास्त.

सुरुवात एका आजोबांपासून करू. आमच्या मोफत सल्ला केंद्रात ते आले तेव्हा त्यांच्या पिशवीत प्लॅस्टिकचं आवरण घातलेला एक कागद होता. कांदा उधारीवर घेऊन पैसे बुडवणाऱ्या व्यापाऱ्याविरुद्ध त्यांनी दावा जिंकला होता. रक्कम २ लाख ४० हजार, वर सहा टक्के व्याज. व्यापाऱ्याने अपील केलं नव्हतं. गावातल्या कुणीतरी त्यांना सांगितलं होतं की निकाल लागला की कोर्टच पैसे वसूल करतं आणि पत्र पाठवतं. आजोबा त्या पत्राची वाट बघत राहिले. आम्ही तारीख पाहिली. निकालाला बारा वर्षं आणि पाच महिने झाले होते. आम्हाला त्यांना सांगावं लागलं की या कागदाच्या जोरावर आता कोर्ट काहीही करू शकत नाही.

खटला ते हरले नव्हते. जिंकल्यानंतर एक अर्ज करायचा राहिला होता, एवढंच. तो अर्ज कधी करायचा, कसा करायचा आणि त्यानंतर काय काय होतं, हे आज आपण बघणार आहोत.

ही अडचण नवी नाही. १८७२ साली लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलने एका भारतीय प्रकरणात म्हटलं होतं की इथल्या पक्षकाराच्या खऱ्या अडचणी हुकूमनामा मिळाल्यावर सुरू होतात. त्याला दीडशे वर्षं उलटली. २०२५ साली सर्वोच्च न्यायालयाने सगळ्या उच्च न्यायालयांकडून आकडे मागवले, तेव्हा देशभरात सुमारे ८ लाख ८२ हजार दरखास्ती पडून असल्याचं दिसलं, आणि त्यातल्या सर्वाधिक, ३ लाख ४० हजारांच्या आसपास, आपल्या महाराष्ट्रातल्या होत्या. घोडं पेंड खातं ते इथंच.

निकाल वेगळा, हुकूमनामा वेगळा

न्यायाधीश कारणांसह लिहितात तो निकाल, म्हणजे न्यायनिर्णय. त्यातून शेवटी कोणी कोणाला काय द्यायचं याचा जो नेमका तक्ता तयार होतो तो हुकूमनामा, बोलीत डिक्री. अंमलबजावणी होते ती हुकूमनाम्याची. ज्याच्या बाजूने तो झाला त्याला आपण डिक्रीदार म्हणू. ज्याने द्यायचं त्याला कायद्याच्या मराठीत निर्णीत ऋणको म्हणतात. आज आपण सोपं म्हणून देणेकरी म्हणू.

निकाल लागला की पहिलं काम म्हणजे निकाल आणि हुकूमनामा दोन्हीच्या सही-शिक्क्याच्या नकला मागणे. दुसरं काम, घरी बसून हुकूमनामा शांतपणे वाचणे. गट नंबर बरोबर आहे का? चतुःसीमा बरोबर आहेत का? नावं? रक्कम? लिहिण्यात किंवा बेरजेत चूक असेल तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम १५२ खाली दुरुस्तीचा अर्ज करता येतो. ही चूक बेलीफ दारात उभा असताना सापडली तर सगळी मेहनत वाया जाते.

हे एवढं जपून वाचायचं कारण असं की दरखास्त चालवणारं कोर्ट हुकूमनाम्याच्या मागे जाऊ शकत नाही. त्यात जे लिहिलंय तेवढंच ते देतं. कमी नाही, जास्त नाही. निकालानंतरच्या काळाचं व्याज त्यात लिहिलेलं नसेल, तर ते नाकारलं असंच कायदा धरतो. दरखास्तीत तुम्ही कितीही मागितलं तरी ते मिळणार नाही.

मुदत: हा एक मुद्दा तरी लिहून घ्या

मुदत कायदा १९६३ चा. त्यातल्या अनुच्छेद १३६ प्रमाणे दिवाणी हुकूमनाम्याची दरखास्त बारा वर्षांच्या आत दाखल करावी लागते. बारा वर्षं मोजायची ती हुकूमनामा अंमलात आणण्याजोगा झाला त्या दिवसापासून. अपील होऊन वरच्या कोर्टाने निर्णय दिला असेल, तर वरच्या कोर्टाच्या हुकूमनाम्यापासून.

याला दोन अपवाद आहेत. अमुक एक कृती कर असा आदेश असेल, उदाहरणार्थ 'वहिवाटीच्या रस्त्यावर बांधलेली भिंत पाड', तर मुदत फक्त तीन वर्षं. आणि कायमची मनाई असेल, म्हणजे 'हरकत करू नकोस' असा हुकूम, तर त्याला मुदतच नाही. उद्या, दहा वर्षांनी, पंधरा वर्षांनी, जेव्हा तो मोडला जाईल तेव्हा दरखास्त करता येते.

आता सगळ्यात कडक गोष्ट. अपिलाला उशीर झाला तर आपण उशीरमाफीचा अर्ज करतो, आजारपणाचे कागद लावतो आणि कोर्ट बऱ्याचदा ऐकतं. ही सवलत मुदत कायद्याच्या कलम ५ मधली आहे, आणि त्याच कलमात स्पष्ट लिहिलंय की आदेश २१ खालच्या अर्जांना, म्हणजे दरखास्तींना, ती लागू नाही. बारा वर्षांवर एक दिवस गेला तरी दार बंद. आमच्या आजोबांच्या बाबतीत हेच झालं.

आणि बारा वर्षं आहेत म्हणून बारा वर्षं थांबायचंही नाही. हुकूमनाम्याला दोन वर्षं होऊन गेली असतील, तर आधी देणेकऱ्याला नोटीस काढावी लागते. ती बजावण्यात महिने जातात. शिवाय तेवढ्या काळात गोदाम विकलं जातं, प्लॉट बायकोच्या नावावर होतो, माणूस मुंबईला निघून जातो.

दरखास्त कुठे आणि कशी

ज्या कोर्टाने हुकूमनामा दिला, तिथेच दरखास्त करायची. पण देणेकरी आणि त्याची मालमत्ता दुसऱ्या जिल्ह्यात असेल तर? समजा हुकूमनामा साताऱ्याचा आणि प्लॉट ठाण्याला. साताऱ्याच्या कोर्टाला आपल्या हद्दीबाहेरच्या मालमत्तेवर अंमलबजावणी करता येत नाही, २००२ मध्ये कलम ३९ मध्ये ते स्पष्टच लिहिलं गेलं. अशा वेळी हुकूमनामा ठाण्याच्या कोर्टाकडे पाठवावा असा अर्ज साताऱ्यात करायचा आणि मग पुढची कारवाई ठाण्यात.

अर्जात काय लागतं ते आदेश २१ नियम ११ मध्ये सांगितलंय. दाव्याचा नंबर, पक्षकारांची नावं, हुकूमनाम्याची तारीख, अपील झालंय का, आतापर्यंत काही वसूल झालंय का, आज व्याजासह येणं किती, खर्च किती. आणि शेवटचा रकाना सगळ्यात महत्त्वाचा: कोर्टाने कोणत्या प्रकारे मदत करावी. जप्ती की लिलाव, कब्जा की अटक? इथे बरेच जण 'कोर्टास योग्य वाटेल ती कारवाई व्हावी' असं मोघम लिहितात. तसं चालत नाही. काय हवंय ते तुम्हीच नेमकं सांगायचं. स्थावर मालमत्ता जप्त करायची तर तिचा सर्व्हे नंबर किंवा सीमा आणि त्यात देणेकऱ्याचा हिस्सा किती, हेही तुम्हीच द्यायचं.

पैशाचा हुकूमनामा

याचा अर्थ असा की मालमत्ता शोधण्याचं काम तुमचं आहे. कोर्टाकडे गुप्तहेर नाहीत. सातबारा आणि आठ-अ ऑनलाइन निघतो, शहरात मालमत्ता पत्रक निघतं, दुय्यम निबंधकांकडे दस्तांचा शोध घेता येतो. त्याने तुम्हाला कधी चेक दिला असेल तर त्यावर बँकेचं नाव आणि शाखा असते. ती झेरॉक्स जपून ठेवा.

काहीच सापडलं नाही तरी एक हत्यार आहे. आदेश २१ नियम ४१. देणेकऱ्याने आपल्या सगळ्या मालमत्तेचं प्रतिज्ञापत्र द्यावं असा आदेश कोर्टाकडून मागता येतो. आदेश होऊनही त्याने ते दिलं नाही, तर त्याला तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैदेत ठेवता येतं. आमचा अनुभव असा की या तरतुदीचा जितका वापर व्हायला हवा तितका होत नाही.

मालमत्ता सापडली की जप्ती. जंगम वस्तू बेलीफ प्रत्यक्ष ताब्यात घेतो. बँकेतले पैसे किंवा तिसऱ्याकडून येणं असेल तर त्या तिसऱ्याला नोटीस जाते की 'हे त्याला देऊ नका, कोर्टात भरा'. जमीन किंवा घर असेल तर मनाई आदेश निघतो, तो जागेवर दवंडी पिटून जाहीर करायचा आणि तिथे व कोर्टात चिकटवायचा, असं नियमात आजही लिहिलेलं आहे. जप्तीनंतर देणेकऱ्याने ती मालमत्ता खाजगीत विकली, तरी त्या जप्तीखालच्या तुमच्या हक्कापुरती ती विक्री निरर्थक ठरते.

पण सगळंच जप्त होत नाही, आणि हे दोन्ही बाजूंनी समजून घेतलं पाहिजे. आज या सभागृहात देणेकरीही बसलेले असतील. कलम ६० वाचा. अंगावरचे कपडे, स्वयंपाकाची भांडी, अंथरूण-पांघरूण, बाईने धर्माच्या चालीप्रमाणे अंगावरून काढू नये असे दागिने (आपल्याकडे मंगळसूत्र), कारागिराची हत्यारं, शेतकऱ्याची अवजारं, उपजीविकेपुरते बैल आणि बियाणं, शेतकऱ्याचं राहतं घर, मजुराची मजुरी, भविष्यनिर्वाह निधी, सरकारी निवृत्तिवेतन. यांना हात लावता येत नाही. ज्याच्याकडे एवढंच आहे, त्याच्या दारात बेलीफ घेऊन जाण्यात अर्थ नाही.

पगाराचं गणित बघा. पहिले एक हजार रुपये आणि उरलेल्या रकमेचे दोन तृतीयांश सुरक्षित. सूट असलेले भत्ते सोडून पगार ३१ हजार असेल तर एक हजार बाजूला, उरले ३० हजार, त्यातले १० हजार दरमहा कापता येतात. पण एकाच हुकूमनाम्यापोटी ही कपात एकूण २४ महिनेच चालते. म्हणजे जास्तीत जास्त २ लाख ४० हजार. येणं त्याहून मोठं असेल तर पगाराबरोबर दुसरी मालमत्ताही शोधायलाच हवी.

जप्तीनंतर लिलाव. स्थावर मालमत्तेच्या लिलावात जो बोली जिंकतो त्याने २५ टक्के रक्कम तिथल्या तिथे भरायची आणि बाकीची पंधरा दिवसांत. डिक्रीदाराला स्वतः बोली लावायची तर कोर्टाची आधी परवानगी लागते. आणि येणं वसूल होण्यापुरताच भाग विकायचा असतो. तीन लाखांसाठी पाच एकर विकायला काढलं तर तो लिलाव रद्द होण्याचा धोका असतो. देणेकऱ्याला शेवटची संधीही आहे. लिलाव झाल्यापासून ६० दिवसांत त्याने येणं कोर्टात भरलं आणि लिलाव घेणाऱ्याला खरेदीच्या रकमेच्या पाच टक्के भरपाई दिली, तर लिलाव रद्द होतो आणि जमीन वाचते.

आता अटक. लोकांना वाटतं पैसे दिले नाहीत की उचलून तुरुंगात. तसं नाही. गरीब आहे म्हणून कोणालाही कैद होत नाही. १९८० साली न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी सर्वोच्च न्यायालयात हे ठामपणे सांगितलं. ऐपत असून देत नाही, पळून जाणार आहे किंवा मालमत्ता लबाडीने लपवली, असं तुम्हाला दाखवावं लागतं. पैशाच्या हुकूमनाम्यात बाईला अटक होत नाही. रक्कम दोन हजारांपर्यंत असेल तर कैद नाहीच, दोन ते पाच हजारांमध्ये सहा आठवड्यांपर्यंत, त्यावर तीन महिन्यांपर्यंत. कैदेतल्या माणसाचा निर्वाहभत्ता डिक्रीदाराने भरायचा असतो. आणि कैद भोगली म्हणून कर्ज फिटत नाही, ते तसंच राहतं.

कब्जाचा हुकूमनामा

घर किंवा जमीन परत मिळवायची असेल तर कोर्ट कब्जेवॉरंट काढतं आणि बेलीफ जागेवर येतो. त्या दिवसाची तयारी तुम्ही करायची. नकाशा, हुकूमनाम्याची नकल, दोन पंच, कुलूप तोडायला माणूस, सामान उचलायला माणसं. तंटा होईल असं वाटत असेल तर पोलीस बंदोबस्तासाठी आधीच वेगळा अर्ज करा आणि त्याची फी भरा. ऐनवेळी फोन करून बंदोबस्त मिळत नाही.

बेलीफ गेला आणि कुणी आडवं आलं तर? देणेकऱ्याचा भाऊ येतो, एखादा माणूस येतो आणि म्हणतो, 'मी भाडेकरू आहे, मला माहीतच नाही.' बेलीफ पंचनामा करतो आणि परत जातो. इथे बहुतेक जण हताश होऊन घरी बसतात. खरं तर तुमच्या हातात त्या दिवसापासून ३० दिवस असतात. नियम ९७ खाली अडथळा दूर करण्याचा अर्ज त्या मुदतीत करायचा. त्या माणसाचा हक्क खरा की खोटा हे दरखास्त चालवणारं कोर्टच ठरवतं, त्यासाठी नवा दावा लावावा लागत नाही. आणि अडवणारा देणेकरीच असेल, किंवा त्याने उभा केलेला माणूस असेल, तर त्याला ३० दिवसांपर्यंत दिवाणी कैदही होऊ शकते.

कब्जा मिळाला की कब्जेपावती आणि पंचनाम्याची नकल घ्या, जागेचे फोटो काढा आणि महसूल दप्तरात नोंदीसाठी लगेच अर्ज द्या.

वाटप आणि खरेदीखत

आपल्याकडे सर्वाधिक घोटाळा होतो तो वाटपाच्या दाव्यात. पहिला हुकूमनामा प्राथमिक असतो. त्यात फक्त हिस्से ठरतात, 'बहिणीचा एक तृतीयांश' वगैरे. प्रत्यक्ष तुकडे पडत नाहीत. शेतसारा भरणाऱ्या जमिनीचं वाटप संहितेच्या कलम ५४ प्रमाणे जिल्हाधिकाऱ्यांकडून होतं. कोर्ट कागद तिकडे पाठवतं, पुढे तहसील आणि भूमी अभिलेखाची मोजणी. घर किंवा बिनशेती प्लॉट असेल तर कोर्ट आयुक्त नेमून अंतिम हुकूमनामा करतं. तो मुद्रांकावर उतरवावा लागतो. पण लक्षात ठेवा, बारा वर्षं मोजली जातात ती अंतिम हुकूमनाम्याच्या तारखेपासून. तुम्ही मुद्रांक कधी आणून दिला यावर मुदत अवलंबून नाही. मुद्रांकाचे पैसे नाहीत म्हणून थांबलेल्या बहिणी आम्ही पाहिल्या आहेत, म्हणून हे मुद्दाम सांगतोय.

खरेदीखत करून देण्याचा हुकूम असेल आणि विकणारा सही करायला येत नसेल, तर घाबरायचं कारण नाही. तुम्ही मसुदा कोर्टात द्यायचा, समोरच्याला हरकतीची संधी मिळते, आणि तरीही तो आला नाही तर कोर्ट त्याच्या वतीने दस्त करून देतं. तो दस्त त्याने स्वतः केल्यासारखाच असतो.

बाहेर घेतलेले पैसे

हा मुद्दा देणेकऱ्यांसाठी. गावातल्या चार माणसांसमोर तुम्ही पन्नास हजार रोख दिले आणि पावती घेतली नाही. दरखास्तीत समोरचा पूर्ण रक्कम मागतो. तुम्ही म्हणता, 'मी दिलेत की!' कोर्ट विचारतं, नोंद कुठे आहे? कोर्टाबाहेर झालेला भरणा किंवा तडजोड नियम २ प्रमाणे कोर्टात नोंदवली नसेल, तर दरखास्त चालवणारं कोर्ट ती विचारात घेत नाही. देणेकऱ्याने ही नोंद करून घेण्याचा अर्ज ३० दिवसांत करायचा असतो. म्हणून पैसे शक्यतो कोर्टात भरा. नाहीतर बँकेतून द्या, लेखी घ्या आणि लगेच नोंदवा. डिक्रीदारानेही मिळालेली रक्कम प्रामाणिकपणे सांगावी, कारण ते लपवणं उलट अंगावर येतं.

सहा महिने

२२ एप्रिल २०२१ रोजी सर्वोच्च न्यायालयाने आदेश दिला की दरखास्त दाखल झाल्यापासून सहा महिन्यांत निकाली काढावी, आणि जास्त वेळ लागला तर न्यायाधीशांनी त्याची लेखी कारणं नोंदवावीत. प्रत्यक्षात काय होतं ते वरच्या आकड्यांवरून तुम्हाला कळलंच असेल. पण या आदेशाचा उपयोग आहे. तारखा लांबत असतील तर आपल्या वकिलांमार्फत नम्रपणे हा आदेश दाखवून लवकर सुनावणीचा अर्ज देता येतो.

आपल्या बाजूने मात्र एकही तारीख चुकवू नका. डिक्रीदार गैरहजर राहिला तर दरखास्त काढून टाकली जाते. ती पुन्हा सुरू करायला ३० दिवस मिळतात. तेही चुकले तर नवी दरखास्त करता येते, पण मूळ बारा वर्षांच्या आतच. तारीख काय पडली ते ई-कोर्टच्या ॲपवर मोबाइलवर फुकट दिसतं.

प्रश्नोत्तरं

एका काकांनी विचारलं: "समोरच्याने अपील केलंय. बेलीफ म्हणतो आता काही करता येत नाही. खरं का?"

नाही. नुसतं अपील दाखल केल्याने अंमलबजावणी थांबत नाही. वरच्या कोर्टाचा स्थगिती आदेश लागतो. तो आदेश दाखवा म्हणावं. निकाल लागला की वरच्या कोर्टात कॅव्हेट दाखल करून ठेवलंत, तर तुम्हाला न ऐकता स्थगिती सहसा मिळत नाही. कॅव्हेट ९० दिवस चालतं. जिल्हा न्यायालयातल्या अपिलाची मुदत ३० दिवस आणि उच्च न्यायालयातल्या अपिलाची ९० दिवस, त्या हिशेबाने ठरवा.

एका ताईंनी विचारलं: "ज्याच्याकडून यायचे तोच वारला. आता मुलांकडून मागता येतील का?"

येतील, पण बापाची जी मालमत्ता मुलांच्या हाती आली असेल तेवढ्यापुरतेच. मुलांच्या स्वतःच्या कमाईला हात लावता येत नाही. वारसांची नावं लावून त्यांना नोटीस काढावी लागते. आणि उलट बाजूने, डिक्रीदार वारला तर त्याचे वारस दरखास्त पुढे चालवू शकतात.

मागच्या रांगेतून एक प्रश्न आला: "आमच्यावर हुकूमनामा झालाय. पैसे बुडवायचे नाहीत, पण एकदम देणं जमत नाही."

हे उघडपणे बोललात ते बरं झालं. हुकूमनामा झाल्यावरही, डिक्रीदार तयार असेल तर, हप्ते बांधून देण्याचा आदेश कोर्टाकडून घेता येतो. नोटीस आली की लपून बसू नका. कोर्टात हजर राहा, मालमत्तेचं खरं प्रतिज्ञापत्र द्या आणि पहिला हप्ता बरोबर घेऊन जा. बहुतेक डिक्रीदारांना तुमची जमीन नको असते. त्यांना त्यांचे पैसे हवे असतात.

आणखी एक प्रश्न: "लोकअदालतीत तडजोड झाली होती, समोरचा पाळत नाही."

लोकअदालतीचा निवाडा दिवाणी हुकूमनाम्यासारखाच धरला जातो. त्याचीही दरखास्त करता येते आणि मुदतीचा हिशेब तसाच. आणि वकिलाचा खर्च परवडत नसेल तर तालुका विधी सेवा समितीकडे जा. स्त्रिया, अनुसूचित जाती-जमातीचे लोक आणि अपंग व्यक्ती यांना उत्पन्न कितीही असलं तरी मोफत वकील मिळतो, आणि तो दरखास्तीसाठीही मिळतो.

वेळ संपत आलीय, म्हणून एकच काम सांगून थांबतो. आज घरी गेल्यावर ट्रंक उघडा. तुमच्या किंवा आई-वडिलांच्या नावाचा एखादा हुकूमनामा आत असेल तर बाहेर काढा आणि फक्त तारीख वाचा. तिच्यात बारा मिळवा. जी तारीख येईल ती भिंतीवरच्या कॅलेंडरवर लिहा आणि त्याच्या कितीतरी आधी वकिलाकडे जा.

त्या आजोबांनी जाताना आम्हाला विचारलं होतं, "मग जिंकलो कशाला?" आमच्याकडे उत्तर नव्हतं. काही महिन्यांनी त्यांच्याच गावातल्या एक बाई केंद्रात आल्या. त्यांच्या हुकूमनाम्याला अकरा वर्षं आणि सात महिने झाले होते. आजोबांनीच त्यांना पाठवलं होतं, म्हणाले होते, 'माझं गेलं, तुझं जाऊ देऊ नकोस.' त्यांची दरखास्त आम्ही त्याच आठवड्यात दाखल केली.